घरच्या पडद्यावरून तळहातावर : जुन्या व्हिडिओ खेळांच्या रूपांतराचा अभ्यास

(बी. ए. द्वितीय वर्ष)

एखादे नाटक शहरातील बंदिस्त नाट्यगृहातून आपल्या झाडीपट्टीच्या मंडपात आले की ते जसेच्या तसे राहत नाही, हे आपण सर्वजण जाणतो. मंडप मोठा, प्रेक्षक दूरवर बसलेले, रात्र थंडीची आणि लांब. म्हणून आवाज चढवावा लागतो, गाणी वाढतात, विनोदी पात्राला अधिक वाव मिळतो आणि प्रयोग पहाटेपर्यंत चालतो. संहिता तीच असली तरी जागा बदलली की कृती बदलते. साहित्याच्या तासाला आपण यालाच रूपांतर किंवा माध्यमांतर म्हणतो. प्रस्तुत लेखात मी याच प्रश्नाचा विचार एका वेगळ्या आणि आपल्याकडे काहीशा दुर्लक्षित राहिलेल्या क्षेत्रात करणार आहे. ते क्षेत्र म्हणजे व्हिडिओ खेळ.

प्रथम शब्दांचा खुलासा करतो. टीव्हीला जोडून खेळायच्या यंत्राला कन्सोल म्हणतात. आपल्या बाजारात त्याला ‘टीव्ही गेम’ हेच नाव रूढ झाले. ज्या यंत्रात पडदा, बटणे आणि सेल हे सर्व एकाच डबीत सामावलेले असते त्याला हॅण्डहेल्ड म्हणतात. त्यासाठी मी या लेखात ‘हातयंत्र’ असा सोपा शब्द वापरतो. टीव्ही गेमसाठी तयार झालेला खेळ हातयंत्रावर आणताना त्याचे काय होते, काय टिकते आणि काय गळून पडते, हा माझा विषय आहे.

विषय हलका वाटण्याचा संभव आहे. परंतु मला तो तसा वाटत नाही, आणि त्याचे कारण सांगितले पाहिजे. आमच्या घरात महाविद्यालयाची पायरी चढणारा मी पहिलाच. शेक्सपिअर मला मराठीतून भेटला. पुष्कळशी मोठी पुस्तके उताऱ्यांच्या आणि सारांशांच्या रूपाने भेटली. ज्याला मूळ वाचता येत नाही, त्याच्यापुरते भाषांतर हेच मूळ असते. खेळांच्या बाबतीतही गोंडपिपरी तालुक्यातील मुलांची स्थिती हीच आहे. ज्या खेळांना जगात ‘अभिजात’ म्हणतात ते आमच्यापैकी बहुतेकांनी मूळ यंत्रावर कधी पाहिले नाहीत; ते आमच्याकडे आले ते थेट हातयंत्रावर किंवा मोबाइलवर. तेव्हा ते रूपांतर कोणी, कसे आणि किती प्रामाणिकपणे केले, हा प्रश्न आमच्या दृष्टीने महत्त्वाचा ठरतो.

खेळ सोबत नेण्याची हौस जुनी आहे

खेळ एका जागेवरून उचलून सोबत नेणे ही काही यंत्रयुगाची देणगी नव्हे. फत्तेपूर सिक्रीच्या अंगणात फरशीवरच पचिसीचा भव्य पट आखलेला आहे. तेथे माणसेच सोंगट्या होऊन उभी राहत, अशी आख्यायिका आहे. तोच पट कापडावर शिवला की त्याची घडी होते, सोंगट्यांसह तो थैलीत बसतो आणि माणूस जाईल तेथे जातो. पट लहान झाला, पण नियम टिकले, आणि समोरासमोर बसण्याची रीतही टिकली. पुढे इंग्लंडमध्ये १८९६ साली याच पचिसीच्या धर्तीवर ‘ल्यूडो’ या खेळाचे पेटंट घेतले गेले. त्यात कवड्या गेल्या आणि फासा आला, नियम सोपे झाले. म्हणजे प्रवासात काही सांडले, काही बदलले. पण ओळख पटावी इतके शिल्लक राहिले.

त्याहून सोपे उदाहरण आपल्या अंगणातले आहे. वाघ-बकरीचा पट कोळशाने फरशीवर किंवा काडीने मातीत आखता येतो. चिंचोके आणि खडे ही त्याची साधने. हा खेळ कोणी ‘नेत’ नाही. तो डोक्यात असतो आणि जेथे बसू तेथे उमटतो. व्हिडिओ खेळाची अडचण नेमकी उलट आहे. तो यंत्राला बांधलेला असतो. यंत्र बदलायचे म्हटले की त्याची जवळजवळ प्रत्येक शीर तपासावी लागते.

टीव्ही गेमचा काळ

घरच्या टीव्हीवर खेळायचे पहिले यंत्र ‘ओडिसी’ अमेरिकेत १९७२ साली विक्रीस आले. परंतु आज ज्यांना अभिजात खेळ म्हणतात त्यांपैकी बहुसंख्य खेळांचे घर म्हणजे जपानच्या निन्टेंडो कंपनीचे ‘फॅमिकॉम’ हे यंत्र. ते १९८३ च्या जुलै महिन्यात जपानमध्ये विक्रीस आले. त्याची काम करण्याची स्मृती अवघी २ किलोबाइट होती. १९८५ चा ‘सुपर मारिओ ब्रदर्स’ हा जगप्रसिद्ध खेळ त्याच्या कॅसेटमध्ये ४० किलोबाइट जागेत मावला होता. आज मोबाइलवर काढलेला एक साधा फोटोही याच्या कितीतरी पट जागा खातो. इतक्या थोड्या जागेत शिगेरू मियामोतो आणि ताकाशी तेझुका यांनी एक संपूर्ण जग रचले आणि कोजी कोंडो यांनी त्याला संगीत दिले. थोड्या शब्दांत पुष्कळ सांगणाऱ्या ओवीची आठवण मला येथे होते.

भारतात हे यंत्र ‘सामुराई’ या नावाने विकले गेले, आणि त्याहून कितीतरी अधिक प्रमाणात त्याच्या स्वस्त नकला १९९० च्या दशकात शहरांच्या बाजारात आल्या. माझे मामा त्या काळी बल्लारपूरला राहत. वस्तीत एकाच घरी टीव्ही गेम होता आणि सुटीच्या दिवशी त्या घराच्या दारात चपलांचा ढीग पडे, असे ते सांगतात. खेळणारे दोन आणि बघणारे पंधरा. कोणती वीट फोडली की काय निघते हे बघणाऱ्यांनाच अधिक पाठ असे. गोंडपिपरीच्या बाजूच्या खेड्यांत मात्र तेव्हा टीव्हीच मोजक्या घरी होते, आणि वीज कधी जाईल याचा नेम नव्हता. ज्या जिल्ह्यात औष्णिक वीज केंद्र आहे त्याच जिल्ह्यातील गावे अंधारात बसत. विजेवर चालणारा टीव्ही, त्याला जोडलेले दुसरे यंत्र आणि त्या यंत्राच्या कॅसेटी, ही तीन मजली चैन आमच्याकडे परवडणारी नव्हती. सेलवर चालणारी डबी परवडली. म्हणून खेळांचे हातयंत्रावर येणे ही आमच्या दृष्टीने नुसती सोय नव्हती. त्याच दाराने ते खेळ आमच्याकडे आले.

हलविताना येणाऱ्या अडचणी

आता मुख्य विषयाकडे वळू. खेळ टीव्हीवरून हातयंत्रावर आणणाऱ्यापुढे प्रामुख्याने चार अडचणी उभ्या राहतात.

पहिली अडचण पडद्याची. फॅमिकॉमचे चित्र आडवे २५६ आणि उभे २४० ठिपक्यांचे, म्हणजे एकूण ६१,४४० ठिपक्यांचे असते. निन्टेंडोनेच १९८९ साली काढलेल्या ‘गेमबॉय’ या हातयंत्राचा पडदा १६० गुणिले १४४, म्हणजे २३,०४० ठिपक्यांचा होता. शंभरातले जेमतेम अडतीस ठिपके उरले. येथे करणाऱ्यापुढे दोनच मार्ग असतात. चित्र लहान करावे, तर माणूस मुंगीएवढा होतो. चित्र तेवढेच ठेवावे, तर आजूबाजूचे जग कापले जाते. जग कापले गेले की पुढून येणारा शत्रू उशिरा दिसतो, आणि उशिरा दिसला की खेळ कठीण होतो. म्हणजे पडद्याची लांबी-रुंदी बदलताच खेळाचा न्याय बदलतो. ‘टेट्रिस’चे उदाहरण घ्या. मॉस्कोच्या अलेक्सी पाजित्नोव यांनी १९८४ साली रचलेल्या या खेळात वरून पडणारे तुकडे रचून ओळी भरायच्या असतात. निन्टेंडोच्याच टीव्ही गेमवरील टेट्रिसमध्ये ही विहीर २० ओळींची आहे, तर गेमबॉयवर १८ ओळींची. दोन ओळी कमी म्हणजे चुकायला दोन ओळींची जागा कमी.

दुसरी अडचण रंगांची. गेमबॉयला रंग नव्हते. हिरवट पडद्यावर फिक्यापासून गडदपर्यंत चार छटा होत्या. टीव्हीवर जेथे लाल कासव आणि हिरवे कासव वेगळे वागते, तेथे चार छटांत ते ओळखायचे कसे? तेव्हा रंगाचे काम आकाराला द्यावे लागते. शिवाय त्या काळच्या पडद्यावर वेगाने सरकणारी वस्तू मागे सावलीसारखी रेघ सोडत असे. परिणामी वेगवान खेळ थोडे संथ करावे लागत.

तिसरी अडचण वेळेची. टीव्ही गेम खेळणारा घरी मांडी घालून बसतो. हातयंत्र खेळणारा एस. टी. ची वाट पाहत असतो. चंद्रपूरची गाडी आली की खेळ थांबवावाच लागतो. मूळ ‘सुपर मारिओ ब्रदर्स’मध्ये खेळ जपून ठेवण्याची सोय नव्हती, यंत्र बंद केले की सारे पहिल्यापासून. हातयंत्रावर ही सोय द्यावीच लागते, अन्यथा खेळ त्या जागेला शोभत नाही.

चौथी अडचण सेलची. गेमबॉयला चार पेन्सिल सेल लागत. त्यानंतर आलेल्या ‘गेम गिअर’ या सेगा कंपनीच्या हातयंत्राला रंगीत, उजळ पडदा होता. पण त्याला सहा सेल लागत आणि ते काही तासांतच संपत. बाजारात जिंकला तो मात्र फिक्या पडद्याचा गेमबॉय. त्याचे जनक गुनपेई योकोई यांची धारणा अशी होती की, जुने, स्वस्त आणि मुरलेले तंत्रज्ञान नव्या रीतीने वापरावे. दर महिन्याला सेलचा खर्च मोजणाऱ्या घरातील मुलाला या धारणेचे मोल वेगळे समजावून सांगावे लागत नाही.

रूपांतराच्या तीन वाटा

या अडचणींना तोंड देण्याच्या तीन वाटा मला आढळतात, आणि त्या आपल्या नाट्यवाङ्मयाच्या इतिहासाशी ताडून पाहता येतात. आगरकरांनी १८८३ साली ‘विकारविलसित’ या नावाने हॅम्लेटचे भाषांतर केले. देवलांनी १८९० साली ऑथेल्लोवरून ‘झुंझारराव’ रचले, ते मराठी रंगभूमीसाठी केलेले रूपांतर होते. शिरवाडकरांच्या १९७० च्या ‘नटसम्राट’मागे किंग लिअर उभा आहे, पण ते नाटक स्वतंत्र आहे. भाषांतर, रूपांतर आणि प्रेरणा अशा या तीन पायऱ्या होत.

खेळांच्या बाबतीत भाषांतराचे उदाहरण म्हणजे निन्टेंडोने २००४ साली आपल्या ‘गेमबॉय ॲडव्हान्स’ या हातयंत्रासाठी काढलेली जुन्या खेळांची माला. येथे खेळ नव्याने लिहिला नाही. नव्या यंत्रात एक दुभाषी आज्ञावली ठेवली. जुना खेळ जुन्या यंत्राच्या भाषेत एकेक आज्ञा देतो, आणि दुभाषी ती नव्या यंत्राला समजावून सांगतो. अशा दुभाष्याला इम्युलेटर म्हणतात. खेळ अक्षरशः तोच राहतो. परंतु पडदा २४० गुणिले १६० चा. टीव्हीवर दिसणाऱ्या २२४ ओळी १६० ओळींत बसवायच्या, म्हणजे दर सात ओळींच्या पाच करायच्या. त्यामुळे चित्र वरून दाबल्यासारखे बुटके दिसते. शब्दशः भाषांतरात अर्थ बरोबर असूनही वाक्य अवघडते, तसाच हा प्रकार.

रूपांतराचे उदाहरण १९९९ चा ‘सुपर मारिओ ब्रदर्स डीलक्स’. हा रंगीत गेमबॉयसाठी केला होता. येथे करणाऱ्यांनी आकृत्या मूळच्याच मापाच्या ठेवल्या आणि जग कापले. मात्र त्याची भरपाईही केली: पडदा खेळाडूबरोबर वर-खाली सरकतो, आणि खेळाडूला थांबून वर किंवा खाली डोकावता येते. खेळ जपून ठेवण्याची सोय दिली. मूळ पाठ टिकला, पण नव्या वाचकाची बैठक ओळखून त्याची मांडणी बदलली. देवलांनी प्रयोगासाठी केले त्याच जातीचे हे काम आहे.

तिसऱ्या वाटेचे उदाहरण ‘डाँकी काँग’. या एका खेळाचे चरित्रच उद्बोधक आहे. १९८१ साली तो दुकानात नाणे टाकून खेळायच्या उभ्या यंत्रावर आला. त्यात चार टप्पे होते. १९८२ साली योकोई यांनी तो घडीच्या दोन पडद्यांच्या खिशातील यंत्रावर आणला. अंगठ्याने चार दिशा दाबता याव्यात म्हणून त्यावर अधिक चिन्हाच्या आकाराचे बटण बसविले. पुढच्याच वर्षी तेच बटण फॅमिकॉमच्या रिमोटवर गेले आणि त्यानंतर जगभरच्या यंत्रांवर रूढ झाले. म्हणजे घरच्या यंत्राने हातयंत्राला सर्व काही दिले आणि हातयंत्राने केवळ घेतले, असे नाही. १९८३ साली हा खेळ फॅमिकॉमवर आला तेव्हा जागेअभावी त्याचा एक टप्पा गाळला गेला. आणि १९९४ साली तो गेमबॉयवर आला तेव्हा आरंभी मूळचे चारही टप्पे येतात. खेळाडूला वाटते, संपला खेळ. आणि तेथून पुढे खरा नवा खेळ सुरू होतो. एकूण १०१ टप्पे! जुन्याला नमस्कार करून स्वतःची वाट चालणारी ही कृती मला ‘नटसम्राट’च्या पायरीवरची वाटते.

चारशे खेळांची डबी

येथवर झाला तो अधिकृत इतिहास. आमच्या भागात जे आले ते या तिन्ही वाटांहून वेगळे होते.

प्रथम आली ती ‘ब्रिक गेम’. जत्रेत, मंडईत, बांगड्यांच्या दुकानाशेजारी ती लटकलेली असे. तिचा खेळण्याचा पडदा म्हणजे आडवे १० आणि उभे २० चौकोन. त्यावर टेट्रिसची नक्कल, धावती मोटार, साप असे मोजके खेळ, आणि डबीवर मात्र लिहिलेले असे ‘९९९९ खेळ’. तोच खेळ वेग बदलून, आरंभ बदलून पुनःपुन्हा मोजलेला. तरीही साध्या सेलवर ती महिनोन्महिने चाले, आणि टेट्रिसचा गाभा तीत शाबूत होता.

त्यानंतर अलीकडच्या काळात आली ती चारशे खेळांची रंगीत डबी. माझ्या आतेभावाने गेल्या दिवाळीत बाजारातून ती आणली आणि मी ती या लेखासाठी बारकाईने पाहिली. तीन इंचाचा पडदा, मागे जुन्या बटणांच्या मोबाइलमध्ये असते तशीच बॅटरी. आत कॅसेट नाही. फॅमिकॉमचे जवळजवळ सर्व मंडल एकाच चिपमध्ये उतरविलेले असते, आणि ती चिप काळ्या डांबरासारख्या थेंबाखाली झाकलेली असते. येथे दुभाषीही नाही आणि रूपांतरकारही नाही. जुने यंत्रच आक्रसून तळहातावर आले आहे. खेळाला आपण टीव्हीवर नाही याचा पत्ताच नसतो. चित्र टीव्हीचे, अक्षरे टीव्हीच्या अंतरावरून वाचायच्या मापाची, वेळेची मर्यादा तीच, आणि खेळ जपून ठेवण्याची सोय नाही. कोणी विचार केलेलाच नाही, हे या रूपांतराचे लक्षण होय.

आणखी एक गोष्ट मला खटकली. अनेक खेळांच्या आरंभीच्या पाटीवरून निर्मात्याचे नाव आणि साल पुसून टाकले आहे. मुखपृष्ठ फाडलेले पुस्तक हाती यावे तसे. आतेभावाला मी विचारले, हा मारिओचा खेळ कोणी केला असेल? तो म्हणाला, “डबीवाल्यानंच केला असन ना!” त्याचे उत्तर स्वाभाविक आहे. नावच नसेल तर मुलाने दुसरे काय समजावे?

दुसरा खेळाडू कोठे गेला?

त्या डबीवर मी एक साधा प्रयोग केला. मारिओच्या खेळात आरंभीच ‘एक खेळाडू’ आणि ‘दोन खेळाडू’ असे दोन पर्याय येतात. मी दुसरा निवडला. मारिओचा एक जीव गेला की नियमाप्रमाणे त्याचा भाऊ लुईजी याची पाळी येते. पाळी आली. पण लुईजीला हलविणारा दुसरा रिमोट जोडलेलाच नव्हता. लुईजी जागच्या जागी उभा राहिला. कोपऱ्यातला वेळेचा आकडा ४०० पासून उतरत शून्यावर आला आणि त्याचा जीव गेला.

मला वाटते, खेळ घरातून हातावर येताना सर्वांत मोठी तूट कोठे पडते हे यावरून ध्यानात येते. पडदा, रंग, ठिपके यांची तूट मोजता येते. फॅमिकॉमला मुळातच दोन रिमोट जोडलेले असत, कारण दुसरा माणूस शेजारी बसलेला आहे हे त्या यंत्राने गृहीत धरले होते. हातयंत्र एकट्याच्या डोळ्यांच्या अंतराचे. निन्टेंडोने गेमबॉयसाठी दोन यंत्रे जोडणारी तार दिली आणि टेट्रिस दोघांना खेळता येई. परंतु त्यासाठी दोन यंत्रे आणि दोन कॅसेटी हव्यात. ज्या घरात एकच विकत घेताना वर्षभर विचार झाला, तेथे दुसरे कोठून येणार?

मात्र मुलांनी यावर तोड काढलेली मी पाहिली. आमच्या गल्लीत ‘दोन खेळाडू’ हा पर्याय कोणी निवडतच नाही. एक खेळाडू घ्यायचा आणि करार करायचा: एक जीव तुझा, एक जीव माझा. जीव गेला की डबी शेजारच्याच्या हातात. डबी एकाची आणि भोवती पाच डोकी. मामांनी वर्णिलेला बल्लारपूरचा तो चपलांचा ढीग जणू ओट्यावर आला आहे. रूपांतरकाराने जे काम सोडून दिले ते खेळणाऱ्यांनी पुरे केले.

हेच सूत्र जाणूनबुजून वापरलेले उदाहरण महाराष्ट्रातच आहे. नवी मुंबईच्या गेमशन कंपनीने २०१६ साली ‘लुडो किंग’ हा मोबाइलवरील खेळ काढला आणि २०२० च्या टाळेबंदीत तो घराघरांत पोहोचला. त्यात दूरच्या माणसाशी खेळण्याची सोय आहे, पण एकच फोन मध्ये ठेवून चौघांनी आळीपाळीने खेळण्याचीही सोय आहे. कापडी पटाभोवतीची बैठक त्यांनी लक्षात ठेवली. साधी गोष्ट, पण रूपांतर करणाऱ्याने मूळ खेळ केवळ पाहिला नव्हता, तर तो कसा खेळला जातो हेही पाहिले होते, याची ती खूण आहे.

हक्काचा प्रश्न

येथे एक अडचणीचा मुद्दा टाळून चालणार नाही. चारशे खेळांची डबी ही मूळ निर्मात्यांच्या परवानगीवाचून केलेली नक्कल असते. आपल्या १९५७ च्या कॉपीराइट कायद्यात संगणकाची आज्ञावली ‘साहित्यकृती’ या व्याख्येत मोडते. वाङ्मयाच्या विद्यार्थ्याला हे वाचून गंमत वाटेल. कायद्याने मारिओचा कर्ता आणि कादंबरीकार एकाच पंगतीला बसविले आहेत. साहित्यकृतीवरील हक्क कर्त्याच्या हयातीत आणि त्यानंतर ६० वर्षे राहतो. यंत्रावरच्या पेटंटची मुदत कधीच संपली असली तरी खेळावरचा हक्क अबाधित आहे.

याउलट, अधिकृत मार्गाने हे खेळ घ्यायचे तर त्यासाठी लागणारे यंत्र आमच्याकडील अनेक कुटुंबांच्या महिन्याच्या कमाईहून महाग पडते. माझे मत असे की, नक्कल ती नक्कलच; परंतु मुलाला दोष देऊन हा प्रश्न सुटत नाही. स्वस्त आवृत्ती काढणारा प्रकाशक नसला की गावात झेरॉक्स फिरते, हे आपण पुस्तकांच्या बाबतीत पाहतोच. जुन्या खेळांची स्वस्त, प्रामाणिक आणि कर्त्याचे नाव असलेली आवृत्ती निघणे हाच त्यावरचा उपाय होय.

आपले खेळ आणि आपण

आपले खेळ कन्सोलवर आणि हातयंत्रावर आणण्याचे प्रयत्न भारतात झाले आहेत. हैदराबादच्या गेमशास्त्र या संस्थेचा ‘देसी अड्डा’ २००९ साली निघाला. त्यात विटी-दांडू, कबड्डी आणि पतंग होते, आणि तो टीव्हीच्या प्लेस्टेशन २ वर तसाच त्याच कंपनीच्या पीएसपी या हातयंत्रावरही आला. मुंबईच्या ट्राइन या संस्थेने गल्ली क्रिकेटचा खेळ २०१० साली याच दोन यंत्रांसाठी केला. विटी मारताना मनगटाला बसणारा झटका बटणात कसा आणायचा, कबड्डीतील दम छातीत न कोंडता पडद्यावर कसा दाखवायचा, असे प्रश्न या खेळांच्या कर्त्यांपुढे उभे राहणारच. मैदानावरून पडद्यावर येताना पडणारे अंतर पडद्यावरून पडद्यावर जाण्याच्या अंतराहून कितीतरी मोठे आहे.

उद्या आपल्यापैकी कोणी वाघ-बकरी हा खेळ मोबाइलवर आणू म्हटले तर? संगणक शिकलेले विद्यार्थी आता आपल्या तालुक्यातही आहेत. वरील विवेचनावरून मला तीन कसोट्या सुचतात. पहिली, नव्या जागेमुळे खेळाचा न्याय बदलत नाही ना? वाघाला मिळणारी आणि बकऱ्यांना मिळणारी संधी मूळ पटाइतकीच राहिली पाहिजे. दुसरी, खेळणारे समोरासमोर बसतात, याची आठवण ठेवली आहे ना? फोन मध्ये ठेवला तर एकाला पट उलटा दिसेल. अक्षरे आणि आकृत्या दोन्ही बाजूंनी वाचता आल्या पाहिजेत. तिसरी, खेळ कोठून आला हे पाटीवर लिहिले आहे ना? वाघ-बकरीला एक कर्ता नाही. पण कोणत्या गावात तो कसा आखतात, वाघ किती आणि बकऱ्या किती, हे सांगणारी वडीलधारी माणसे आहेत. वाघाच्या बातम्यांनी ज्यांची सकाळ सुरू होते त्या आपल्या भागात, बकऱ्यांनी एकजुटीने वाघाला कोंडण्याचा हा खेळ आजही आजोबांना पाठ आहे. त्यांच्याकडून नियम आणि पट उतरवून घेण्याचे काम आपल्या मराठी विभागाला याच वर्षी करता येईल. त्याला संगणक लागत नाही. वही आणि पेन्सिल पुरते.

तात्पर्य, खेळ हलविणे ही केवळ तंत्राची करामत नाही. कापायचे काय आणि राखायचे काय, हा त्यात प्रत्येक पावलावर घ्यावा लागणारा निर्णय आहे. तो निर्णय ज्यांनी विचारपूर्वक घेतला त्यांचे खेळ नव्या जागी रुजले. ज्यांनी घेतलाच नाही त्यांच्या डबीत लुईजी उभा राहिला. परीक्षेच्या आदल्या रात्री गाईड वाचणारे आपण सर्व विद्यार्थी हा फरक अनुभवाने जाणतो. गाईडातही मूळ पुस्तकातील सर्व मुद्दे असतात. फक्त लेखक आपल्याशी बोलत होता, एवढेच गाळलेले असते. ज्यांच्या घरी मूळ ग्रंथ नव्हते आणि मूळ यंत्रही नव्हते, त्या आमच्यासारख्यांनी चांगल्या रूपांतराची मागणी अधिक आग्रहाने केली पाहिजे, आणि पाळी आली की ते स्वतः करावयासही शिकले पाहिजे.